उघडा रंगपट

स्वतःच्या शरीरालाच माध्यम करून प्रेक्षकांसमोर प्रयोग करणारे कलावंत निखिल चोप्रा यांच्या प्रयोगांची छायाचित्रे आणि चित्रफिती मी गेली काही वर्षे पुन्हा पुन्हा पाहत आले आहे, आणि माझी नजर दर वेळी एकाच कृतीपाशी थांबते. प्रदर्शनाच्या दालनात, येणाऱ्या-जाणाऱ्या लोकांसमोर, ते आरशात पाहून दाढी करतात. त्यात घाई नसते. साबणाचा फेस, पात्याची चाल, मध्येच थांबून हनुवटीखाली बोटांनी चाचपून पाहणे, हे सारे घरात एकटा असलेला माणूस जसे करील तसेच चालते. कधी दाढीबरोबर मिश्याही जातात, कधी डोक्यावरचे केस. थोड्या वेळापूर्वी जो रुबाबदार पुरुष कोळशाने भिंतभर डोंगर रेखाटत होता तो दिसेनासा होतो आणि त्याच्या जागी जो कोणी उरतो त्याला अजून नाव नसते. जुने रूप उतरले आहे, नवे चढलेले नाही, अशा अवस्थेतले ते शरीर मला त्यांच्या कोणत्याही पूर्ण वेशभूषेपेक्षा अधिक बोलके वाटते.

वेशांतराचे आपल्याला नवल नाही. मराठी रंगभूमीचा सुवर्णकाळ म्हणून ज्याचा आपण अभिमानाने उल्लेख करतो तो काळच पुरुषांनी उभ्या केलेल्या स्त्रियांचा आहे. बालगंधर्वांच्या साड्या, त्यांचा खोपा, त्यांची पदर सावरण्याची लकब त्या काळच्या बायकांनी उचलली, हे आपण इतक्या सहजतेने सांगतो की त्यातली विलक्षण गोष्ट आपल्या लक्षात येत नाही: बाईपण कसे दिसावे हे बायका एका पुरुषाच्या शरीराकडे पाहून ठरवत होत्या. परंतु ते शरीर स्त्री होत असताना कोणी पाहिले नव्हते. ते काम रंगपटात, बंद दाराआड होत असे. १२ मार्च १९११ रोजी, ‘मानापमान’च्या पहिल्या प्रयोगाच्या दिवशी, बालगंधर्वांची लहानगी मुलगी गेली आणि तरीही त्यांनी भामिनी उभी केली, ही हकिकत मराठी घरांत पिढ्यान्‌पिढ्या सांगितली जाते. ती सांगताना आपण नटाच्या निष्ठेला नमस्कार करतो. मला मात्र त्या दिवशीच्या रंगपटाचा विचार अधिक छळतो. मुलगी गमावलेल्या बापाच्या चेहऱ्यावर भामिनीचा रंग चढत असताना त्या चेहऱ्यात काय चालले असेल, हे प्रेक्षागृहापर्यंत पोहोचू न देणे हीच त्या कलेची अट होती.

चोप्रा यांनी ही अटच काढून टाकली आहे. त्यांच्या प्रयोगात रंगपट आणि रंगमंच यांच्यामध्ये भिंत नाही. एक रूप सोडून दुसरे धारण करण्याचे जे काम नाटकात लपवले जाते, तेच इथे प्रेक्षकांना दाखवले जाते, आणि तेही तासन्‌तास, कित्येकदा दिवसेंदिवस.

त्यांचा जन्म १९७४ सालचा, कोलकात्यातला. बडोद्याच्या महाराजा सयाजीराव विद्यापीठात त्यांनी चित्रकलेचे शिक्षण घेतले, पुढे अमेरिकेत ओहायो स्टेट युनिव्हर्सिटीतून पदव्युत्तर पदवी मिळवली, नंतर मुंबईत काम केले आणि आता बराच काळ त्यांचे वास्तव्य गोव्यात आहे. अमेरिकेत शिकत असतानाच त्यांनी ‘सर राजा’ नावाचे एक पात्र घडवले. रेशमी कपडे, दागिने आणि जुन्या तैलचित्रातून उतरून आल्यासारखी बसण्याची ढब असलेला हा संस्थानिक. इंग्रजी पदवी आणि देशी राजेपण एकाच नावात घेऊन वावरणारा हा माणूस बहुतेक वेळ निश्चल असे आणि लोक त्याच्याकडे चित्राकडे पाहावे तसे पाहत. परदेशात शिकायला गेलेल्या भारतीय मुलाकडे पाहणारी नजर आधीच एक चित्र मनात धरून असते. चोप्रा यांनी तेच चित्र अंगावर चढवून त्या नजरेसमोर नेऊन बसवले. तरीही सर राजा हे पात्र मला अपुरे वाटते. त्यात वेश आहे, नजर आहे, पण शरीराला करायला काम नाही.

काम मिळाले ते आजोबांकडून. योग राज चोप्रा हे चित्रकार होते, १९३०च्या दशकात लंडनच्या गोल्डस्मिथ्स कॉलेजात शिकलेले, काश्मीरची निसर्गचित्रे रंगवणारे. नातवाने त्यांच्यावरून ‘योग राज चित्रकार’ हे पात्र बेतले आणि त्याच्या प्रयोगांच्या मालिकेला ‘मेमरी ड्रॉइंग’ असे नाव दिले. हा योग राज कधी साहेबी सूट घालतो, कधी प्रवाशाचे कपडे. तो शहरात येतो, चालतो, एखादी जागा निवडतो आणि समोरचा देखावा कोळशाने मोठमोठ्या कापडांवर किंवा थेट भिंतींवर काढत राहतो. त्याच जागी तो जेवतो, अंग धुतो, झोपतो, उठतो, कपडे बदलतो. बोलत मात्र नाही. प्रेक्षक केव्हाही येऊ शकतात, केव्हाही जाऊ शकतात. कोणी पाच मिनिटे थांबतो, कोणी दुसऱ्या दिवशी परत येतो आणि भिंतीवरचा रिकामा भाग भरलेला पाहतो.

आजोबांची नक्कल एवढाच जर हेतू असता, तर एक टोपी आणि एक पाइप पुरला असता. वारसा म्हणून आपण घर, दागिने, फोटो, पाककृती जपतो. पण चित्रकार माणसाचा खरा वारसा त्याच्या मनगटात आणि खांद्यात असतो आणि तो त्याच्याबरोबर जळून जातो. मला वाटते, तो परत मिळवण्याचा एकच मार्ग नातवाजवळ होता: तीच कृती आपल्या शरीराकडून इतका वेळ करून घ्यायची की अभिनय थकून गळून पडावा आणि उरावी ती फक्त चित्र काढणाऱ्या माणसाची हालचाल. पहिल्या दोन तासांत आपण कोणाचीही भूमिका वठवू शकतो. चाळिसाव्या तासाला पाठ दुखते, बोटे काळी झालेली असतात, डोळ्यांत झोप असते, आणि ते दुखणे पात्राचे नसून माणसाचे असते. त्या क्षणी समोर जो आहे तो आजोबा की नातू, असा प्रश्न विचारण्यात अर्थ राहत नाही.

२००९ सालच्या जुलैत मँचेस्टरच्या व्हिटवर्थ आर्ट गॅलरीत प्रयोगकलेतल्या ख्यातनाम कलावंत मरिना अब्रामोविच यांनी निवडलेल्या कलावंतांचा एक मोठा प्रयोग झाला, त्यात चोप्राही होते. तिथे प्रेक्षकांना पांढरे डगले घालून सलग चार तास थांबण्याची अट होती. अब्रामोविच यांच्याविषयी आदर बाळगूनही मला दोघांच्या वाटा फार वेगळ्या वाटतात. त्या आपल्या शरीराला अधिकाधिक उघडे, निखळ, केवळ ‘मी’ करत नेतात. २०१० साली न्यू यॉर्कच्या म्युझियम ऑफ मॉडर्न आर्टमध्ये त्या समोर येईल त्याच्या नजरेला नजर देत बसून राहिल्या, तेव्हा त्या फक्त मरिना होत्या. चोप्रा यांचा अशा निखळ ‘मी’वर विश्वास दिसत नाही. त्यांच्याकडे एक थर उतरला की खाली दुसरा थर असतो, आणि थर उतरवणाऱ्या हाताखेरीज कायमचे असे काही त्यांच्यापाशी नसते.

त्याच व्हिटवर्थमध्ये २०१३ साली त्यांनी ‘कोल ऑन कॉटन’ हा प्रयोग केला, सलग ६५ तासांचा. कापसाच्या कापडावर कोळसा. मँचेस्टर ही गिरण्यांची नगरी. तिथल्या चात्यांना कापूस हवा होता आणि त्या कापसाचा काही भाग आपल्याकडून गेला आहे. माझे माहेर वऱ्हाडातले. अमेरिकेत १८६१ ते १८६५ या काळात यादवी युद्ध पेटले, तिथला कापूस लँकेशायरला मिळेनासा झाला आणि वऱ्हाड-खानदेशातल्या काळ्या मातीला एकाएकी सोन्याचा भाव आला. युद्ध संपले तसा तो भाव कोसळलाही. खामगावची कापूस बाजारपेठ आणि तिच्यासाठी जलंबहून टाकलेला रेल्वेचा फाटा ही त्याच काळाची देणगी. इथला कापूस तिकडे गेला आणि तिकडचे कापड इकडच्या विणकऱ्याच्या मागावर येऊन बसले. हे मी शाळेत पाठ केले होते. परंतु एक माणूस, ज्याच्या पूर्वजांचा देश त्या व्यापारातली कच्च्या मालाची बाजू होता, मँचेस्टरच्या मधोमध कापसाच्या कापडाला हातातल्या कोळशाने काळे करत अडीच दिवसांहून अधिक काळ राबतो, झोपतो, उठून पुन्हा राबतो, हे पाहताना मला प्रथमच जाणवले की या इतिहासात कापसाच्या आकड्यांची नोंद आहे आणि राबणाऱ्या पाठींची नोंद जवळजवळ नाही. मुंबईच्या गिरणगावातल्या पाळ्या, १८ जानेवारी १९८२ला सुरू झालेला संप, त्यानंतर रिकामी झालेली घरे, हे सारे त्याच धाग्याचे दुसरे टोक आहे. चोप्रा यांनी त्या टोकाचा उल्लेख केला असेल वा नसेल. मराठी प्रेक्षकाला तो धागा हाती लागल्यावाचून राहत नाही.

आता स्त्रीवेशाविषयी. त्यांच्या अनेक प्रयोगांच्या ओघात पुरुषपात्राची अखेर होते आणि एक स्त्री, बहुधा राणीसारखी, तिथून बाहेर पडते. एक बाई म्हणून मला याबद्दल आधी शंका होती, कारण पुरुषाने बाईचा झगा चढवला की त्याला धाडस म्हणायचे आणि बाईने आयुष्यभर तोच झगा सावरला तर त्याची दखलही घ्यायची नाही, ही रीत मला मान्य नाही. परंतु दाढी करण्यापासून कपड्यांच्या बंदापर्यंतची ती संथ क्रिया पाहिल्यावर माझे मत बदलले. त्यात बाईची नक्कल नाही, लाडिकपणा नाही, मुरका नाही. जी मेहनत आम्ही रोज आरशासमोर करतो आणि जिला ‘नटणे’ म्हणून मोडीत काढले जाते, ती इथे कोळशाने डोंगर काढण्याच्या मेहनतीइतक्याच गांभीर्याने, तेवढाच वेळ देऊन केलेली दिसते. शिवाय योग राजचा साहेबी सूट चढवायलाही तितकाच वेळ लागतो. पुरुषपणसुद्धा गाठी, बटणे आणि ताठ मान यांनी रोज बांधावे लागते, हे इतक्या शांतपणे दाखवणारे काम मी दुसरे पाहिलेले नाही.

दालनाच्या बाहेर मात्र गोष्ट बदलते. २००७ साली योग राज चित्रकार श्रीनगरच्या लाल चौकात गेला. आजोबांनी ज्या खोऱ्याची चित्रे काढली त्याच खोऱ्याच्या मध्यभागी, पण केवढ्या वेगळ्या काळात. जुन्या पद्धतीचे कपडे घातलेला एक अनोळखी माणूस भर चौकात खाली वाकून जमिनीवर रेखाटू लागला आणि भोवती गर्दी जमली. मुंबईतल्या कलादालनात जमलेल्या लोकांना आपण प्रेक्षक म्हणतो. लाल चौकात जमलेल्या लोकांना काय म्हणायचे ते त्या दिवशीच्या परिस्थितीवर अवलंबून असते. हा कोण, हा इथे का, हा काय खुणा करतो आहे, हे प्रश्न तिथे कलासमीक्षेचे राहत नाहीत.

इथे मला आपल्याकडचे बहुरूपी आठवतात, आणि ते केवळ साम्य म्हणून नव्हे. पोलीस होऊन दारात खोटा दम देणारा, कधी देवाचे रूप घेऊन येणारा बहुरूपी आमच्या गावाने ओळखीने पाहिला, हसत हसत त्याला बिदागी दिली. रूप पालटणे ही त्याची पिढीजात कला आणि तेच त्याचे पोट. पण गावोगाव फिरणाऱ्या या भटक्या समाजांवरचा संशय कधीच पूर्ण गेला नाही. १ जुलै २०१८ रोजी धुळे जिल्ह्यातल्या राईनपाडा गावात मंगळवेढ्याकडून आलेल्या नाथपंथी डवरी गोसावी समाजाच्या पाच माणसांना, मुले पळवणारी टोळी समजून, जमावाने ठार मारले. ते भिक्षा मागायला आले होते. मोबाइलवरून पसरलेल्या अफवेने त्यांना जी ओळख चिकटवली ती पुसायला त्यांच्याजवळ अवधी नव्हता. चोप्रा यांच्या कामाचा मी जेव्हा जेव्हा विचार करते, तेव्हा हे पाच जण माझ्या विचारात येतात आणि मी त्यांना बाजूला सारू इच्छित नाही. अनोळखी वेशात परक्या जागी उभे राहणे हे ज्या शरीराला कला म्हणून करता येते आणि ज्या शरीराला पोटासाठी करावे लागते, त्या दोहोंना मिळणारी नजर एक नसते.

मुंबईतच याची दुसरी बाजू चित्रकार रुम्माना हुसेन यांनी दाखवली होती. ६ डिसेंबर १९९२ला बाबरी मशीद पाडली गेली, त्यानंतर त्यांनी रूढ चित्रकला मागे टाकली आणि मांडणशिल्प व प्रयोग यांची वाट धरली. मुसलमान आणि स्त्री म्हणून स्वतःचे शरीर त्यांनी कामाच्या केंद्रस्थानी आणले. १९९५ साली नॅशनल सेंटर फॉर द परफॉर्मिंग आर्ट्समध्ये त्यांनी केलेल्या प्रयोगात त्या पायांत घुंगरू बांधून, हातात कापलेली पपई घेऊन, तोंड उघडे ठेवून पण आवाज न काढता चालल्या. १९९९ साली, पन्नाशीही न गाठता, त्या गेल्या. त्यांना रूपे बदलायची नव्हती. ज्या ओळखीने शहर त्यांच्याकडे पाहू लागले होते ती त्यांना उतरवता येण्याजोगी नव्हती. चोप्रा यांच्या वाट्याला आलेले स्वातंत्र्य रुम्माना यांच्या कामाशेजारी ठेवून पाहिले की ते किती मोठे आणि किती विरळ आहे हे कळते. यात चोप्रा यांचा दोष नाही. पण रूपांतराच्या सौंदर्यावर लिहिताना हे स्वातंत्र्य सर्वांना असल्यासारखे जे लेखन होते, ते मला पटत नाही.

न्यू यॉर्कच्या मेट्रोपॉलिटन म्युझियममध्ये १२ ते २० सप्टेंबर २०१९ असे सलग नऊ दिवस चोप्रा राहिले. प्रयोगाचे नाव ‘लँड्स, वॉटर्स अँड स्काइज’. रूपे बदलत, कॅनव्हासवर भूदृश्य रेखाटत, त्या अवाढव्य इमारतीच्या निरनिराळ्या दालनांतून त्यांनी मुक्काम हलवला. अशा संग्रहालयात प्रत्येक वस्तूला एक पाटी असते: कुठली, कोणत्या शतकातली, कशाची बनवलेली, कोणाकडून मिळालेली. जगभरातून आणलेल्या त्या वस्तूंची ओळख तिथे एकदाची ठरून गेलेली असते. त्यांच्या मधून एक जिवंत शरीर फिरते, जे काल प्रवासी होते आणि आज दुसरेच कोणी आहे, जे घामेजते, भुकेजते, आडवे होते. त्याला पाटी लावायची म्हटले तर कोणत्या वेळची लावणार? संग्रहालयाने स्वतःच्याच पद्धतीला हा प्रश्न विचारू दिला हे मला मोलाचे वाटते. तितकेच हेही खरे की ही परवानगी होती, पहारेकरी होते, दारे होती. लाल चौकातल्या योग राजजवळ यांतले काहीही नव्हते, आणि मला स्वतःला तो योग राज अधिक जवळचा वाटतो.

हे एकट्याचे काम नाही, हेही सांगायला हवे. कपड्यांमागे लुईझ ब्रागांझा यांच्यासारख्या वेशकारांचे हात आहेत. माधवी गोरे या स्वतः कलावंत असून चोप्रा यांच्या सहचारिणी आहेत. त्या, रोमँ लुस्तो आणि चोप्रा यांनी मिळून गोव्यात ‘एचएच आर्ट स्पेसेस’ ही जागा उभी केली, जिथे प्रयोगकला करणारे कलावंत येऊन राहतात, काम करतात, एकत्र जेवतात. १२ डिसेंबर २०२५ रोजी सुरू झालेल्या कोची-मुझिरिस बिएनाले या केरळमधल्या मोठ्या कलाप्रदर्शनाच्या सहाव्या आवृत्तीची आखणीही चोप्रा आणि ‘एचएच’ यांच्याकडेच सोपवली गेली. २०१४ साली त्याच कोचीत, अ‍ॅस्पिनवॉल हाऊसच्या एका खोलीत, चोप्रा दिवस-रात्र राहून चित्र काढत होते.

प्रयोग संपतो तेव्हा मागे राहतात ती कोळशाची चित्रे, उतरवलेले कपडे, कधी कापलेले केस. ही चित्रे नंतर दालनांत टांगली जातात, संग्रहांत जातात. निव्वळ निसर्गचित्र म्हणून पाहिले तर त्यांतली काही मला सामान्य वाटतात. आजोबांच्या पिढीच्या शिस्तीला साजेलशी सफाई त्यांत नाही. पण त्यांच्यासमोर थोडे थांबले की वेगळे दिसू लागते. चित्राची वरची कड बहुधा तिथेच संपते जिथवर उभ्या माणसाचा हात पोहोचतो. खालच्या भागातले फराटे गुडघ्यांवर बसून काढलेले आहेत. मध्ये कुठे तळव्याने पुसलेले ढग आहेत, कुठे रेघ एकाएकी फिकट झाली आहे, आणि ती फिकट का झाली याचे उत्तर आकाशात शोधून सापडत नाही, ते दंडात शोधावे लागते. आजोबांच्या पिढीच्या निसर्गचित्रात चित्रकार कुठेही दिसू नये अशी अपेक्षा होती, आणि ती त्या काळी योग्यच मानली जाई. नातवाच्या चित्रात डोंगर आणि समुद्र यांच्याइतकाच त्याचा खांदा, कंबर आणि थकवा आहे. म्हणून ही चित्रे प्रयोगाच्या छायाचित्रांशेजारी न लावता एकटीच लावावीत, असे मला वाटते. कोणता वेश, कोणते पात्र, कोणता दिवस हे काही ठाऊक नसलेल्या प्रेक्षकालाही ती एका विशिष्ट उंचीच्या, विशिष्ट ताकदीच्या माणसाने काढली आहेत एवढे नक्की कळते.